एका डोळ्याचा निवटा

आये, आज बँकॉकवरून खोका आला आणि तुझ्या पणतीनं सगळ्यांसमोर मला सांगितलं, "आजी, तू उघड." मी इतकी हरखले की कात्रीच सापडेना, शेवटी दातानंच चिकटपट्टी तोडली. आत फुगवलेल्या पिशव्या, पिशवीत पाणी थोडं आणि हवा जास्त, आणि त्यात एकेक मासा गप्प उभा. विमानानं मुंबईला उतरतात, तिथं सरकारी माणसं काही दिवस वेगळे ठेवून बघतात की रोगबिग नाही ना, मग टेम्पोनं आपल्या बोईसरला. मी अजून विमानात बसले नाही. तू तर पालघरच्या बाजाराला जाताना टेम्पोत मासळीची पाटी ठेवायलासुद्धा भांडायचीस, वासाच्या बाया म्हणून तुम्हाला मागं उभं करायचे. आणि हे मासे बघ, कसे हवेतनं आले.

तुला समजेल असं सांगते. माझ्या लेकाच्या मुलीनं सरावलीच्या रस्त्याला शोभेच्या माशांचं दुकान टाकलंय. मासे जिवंत विकायचे आणि घेणाऱ्यानंही ते खायचे नाहीत, बघत बसायचं. तू असतीस तर थुंकली असतीस. पण चालतं, आये, खूप चालतं. आधी सगळे कलकत्त्याचे सोनेरी मासे मागायचे, गोल भांड्यात आठ दिवसांत मारायचे आणि परत घ्यायला यायचे. मग वास्तूवाल्यांची लाट आली. त्यांना डोक्यावर टेंगूळ असलेला लाल मासा हवा, घरावरचं संकट तो अंगावर घेतो म्हणे. तो मेला की माणसं पेढे घेऊन यायची, पीडा गेली म्हणून! आता मागणी थायलंडच्या फायटरला. दोन नर एकत्र आले की पंखांच्या चिंध्या करतात, म्हणून प्रत्येकाला वेगळी काचेची बरणी आणि मधे पुठ्ठा. गिऱ्हाईक आलं की पुठ्ठा मी काढते. दोघे काचेवर असे फुगतात, जशा माझ्या दोन सुना चुलीवरून. मला फार मजा येते. नात ओरडते, "आजी, पुरे, दमतात ते." मी म्हणते, "दमू दे, दुसरं काम काय त्यांना?"

तर मागच्या वर्षाची गोष्ट. बाहेरून येणाऱ्या मालाचं काही खरं नसतं. कधी खोका अडकतो, कधी अर्ध्या पिशव्या मेलेल्याच निघतात. म्हणून नातीनं ठरवलं की पिल्लं इथंच काढायची. त्यासाठी तिनं डिस्कस नावाची जोडी आणली. चपटी, गोल, ताटलीएवढी, आपल्या पापलेटालाच कुणी निळा-लाल रंग दिलाय असं वाटावं. महिनेच्या महिने तिनं त्यांचं बाळंतपण केल्यासारखं केलं. पाणी कोमट, दिवे मंद, टाकीत कुणाचा हात नाही. एक दिवस मादीनं उपड्या मडक्यावर अंडी घातली आणि नात दुकानात नाचली. मला म्हणाली, "आजी, यांची पिल्लं काय खातात ठावं हाय? आयच्या अंगावरची साय चाटून वाढतात." मी म्हटलं, "आमी पण तशीच वाढलो." ती हसली. मी हसले नव्हते.

त्याच दिवशी एक कंपनीतला साहेब बायकोला घेऊन आला होता. मी कौतुकानं टाकीत बोट बुडवायला गेले तर नातीनं माझं मनगट धरलं. "हात घालू नको, आजी."

"धुतलेत गो, साबणानं."

"धुतले तरी नको. तुज्या हाताला मेलेल्या मासळीचा वास हाय, तो जात नाय."

साहेबाच्या बायकोनं नाकाला पदर लावला आणि हसली. साहेबही हसला. नातीला ते कळलंसुद्धा नाही, ती अंडी मोजत होती. या हातानं तिच्या बापाला वाढवलं, आये, वाडीवाडीत पाटी फिरवून. त्या रागात पाम गावापर्यंत चालत गेले मी.

आता तुझ्याकडे येते. मी तिसरीत होते, शाळेचा शेवटचाच पावसाळा. खाडीच्या चिखलातनं तू निवटे मासे आणायचीस, जिवंतच, टोपलीत उड्या मारणारे. त्यातला एक मी परसात मडक्यात लपवला. त्याला एकच डोळा होता, दुसऱ्या जागी नुसता खळगा. भाताची शितं घालायचे. एकदा ओट्यावर बायका बसल्या होत्या त्यांना मी दाखवला आणि म्हटलं, "माजी आय मासे मारते, मी पाळते." बायका खो-खो हसल्या. एक म्हणाली, "घ्या, लेकीनं आयला खाटीक केली." तूपण हसलीस. संध्याकाळी कालवण होतं. तू स्वतःच्या हातानं माझ्या ताटात वाढलंस आणि वर आलं ते डोकं एका डोळ्याचं. मी ओरडले तेव्हा तू म्हणालीस, "मला काय ठावं तुजा कुठला? समदे सारखेच दिसतात. खा, नायतर उठ." मी रडत रडत खाल्लं. भूक होती. चवही चांगली होती, हे खोटं कशाला सांगू. आणि पन्नासावर वर्षं मी मानत आले की तुझी चूक झाली, अंधार होता, घाई होती.

साहेब दोन दिवसांनी परत आला तेव्हा नात बँकेत गेली होती. डिस्कसच्या टाकीसमोर उभा राहून विचारतो, "माताजी, मछली हेल्दी है ना?" मी म्हटलं, "देखो ना साहब." आणि हात घातला. मादी पकडली, बाहेर काढली, अंगठ्यानं तिचा कल्ला उचलला, जसा बाजारात सुरमईचा उचलून दाखवतो, आणि आतली लाली त्याच्या तोंडासमोर धरली. "बघा, एकदम ताजी!" साहेब दोन पावलं मागं सरला. मादी हातात थरथरत होती. मी लगेच सोडली नाही. आधी दुसऱ्या बाजूचाही दाखवला.

संध्याकाळी ती आडवी तरंगली. नर दोन दिवस अंड्यांना पंखांनी वारा घालत राहिला, तिसऱ्या दिवशी त्यानंच सगळी खाल्ली. नात टाकीला कपाळ टेकून रडत होती, आणि मग, आये, ती उलट माझ्याकडे आली. माझे दोन्ही हात हातात घेतले, वासाचे, आणि म्हणाली, "रडू नको, आजी. हाताची सवय ती, तू तरी काय करणार? मीच बोलले तुला वंगाळ." तेव्हापासून ती गोष्ट बोईसरभर झालीय. "आमच्या आजीनं डिस्कसचा कल्ला उघडून दाखवला!" येणारा प्रत्येकजण हसतो, मीही हसते, सगळ्यात मोठ्यानं. माझ्या मेव्हण्यानं तर एका लग्नात माझी नक्कल केली.

आज नवी जोडी आली. पिशवी टाकीत तरंगत ठेवायची, पाण्याशी पाणी जुळू द्यायचं, मग सोडायचं. नात म्हणाली, "तूच सोड. आता तुला समदं येतं." मी सोडली. मादी काचेपाशी आली आणि तिथंच थांबली, तिचे दोन्ही डोळे शाबूत.

खरं काय ते नातीला सांगावं असं दुपारभर मनात होतं. पण तिला वाचता येतं आणि तुला येत नव्हतं, म्हणून तुलाच लिहिलं. आता हा कागद बंबात घालीन, पाणी तापायलाच आलंय. मला त्या दुकानात तेव्हा सहा महिने झाले होते, आये. पाण्याबाहेर काढला की मासा मरतो हे मला तुझ्या पोटात असल्यापासून ठाऊक आहे. हात काही चुकून गेला नव्हता. आणि तुलाही दिसला होता तो एकच डोळा, हे मला कल्ला उचलला तेव्हा समजलं. एवढंच विचारायचं होतं, मला ताटावर बसून रडताना बघून तुला बरं वाटलं होतं का? मला वाटलं होतं, मादीला धरलं तेव्हा. संध्याकाळपर्यंत.