मुठीतलं पांढरं

त्या दिवशी कडब्याच्या गंजीमागून मूठ मिटून आलात, "घावला" म्हणालात आन मुठीतलं आपल्या खव्याच्या भट्टीच्या जाळात टाकून मोकळ्या झालात. काय घावलं ते कुणाला दाखवलं न्हाय. नंतर वीस वर्षं एका चुलीवर जेवलो, तरी मलाबी सांगितलं न्हाय. ही काय रीत झाली का, आत्याबाई? सासू म्हणून तुमचं सगळं ऐकलं, मरताना तोंडात पाणी म्याच घातलं. मग तेवढं एक सांगून जायला काय झालं होतं?

आज हे उकरून निघालं ते नातीमुळं. ती धाराशिवला कॉलेजात हाय, शनिवारच्या एसटीनं येती. ह्या खेपेला एक कागद घेऊन आली. तिच्या सरांनी पुस्तकांची यादी दिलीय, डोळ्यानं बघणं आन खरं कळणं ह्यावर काय काय वाचायचं त्याची. "आज्जे, दिसलं म्हणजे कळलं का, ह्यावर माणसं हजारो वर्षं भांडतायत," म्हणाली. म्हणलं, "त्यांना खुरपायला रान नव्हतं वाटतं." यादी इंग्रजीत, मी चौथी नापास, तीच एकेक फोडून सांगत बसली. एक पुस्तक म्हणतं, डोळ्याला नुसता रंग आन उजेड मिळतो, वस्तू कुठली ते मन मागनं ठरवतं. दुसरं म्हणतं, माणूस ज्याची वाट बघत असतो तेच त्याला आधी दिसतं. तिसऱ्यावर सरांनी चांदणी काढलीय, हे पहिलं वाचा म्हणून. त्यात हाय, दुसऱ्यानं बघितलेलं आपण किती खरं धरायचं. माझ्या हातातला लसूण सोलायचा तसाच राहिला. मग पोरगी म्हणती, "सरांनी घरातल्या माणसाला इचारून लिहायला सांगितलंय. तुझं कवा झालं का गं, दिसलं एक आन होतं दुसरंच?" मी म्हणलं, "न्हाय. माझे डोळे चांगले होते." तिनं तेच लिहून घेतलं.

तुम्हाला ठावं हाय, माझे डोळे किती चांगले होते. सोळा वर्षांची मी, लग्न होऊन तीन महिने झालेले, माझ्या हातनं कढईच्या बुडाला खवा लागला आन तुम्ही सगळ्या बायांदेखत म्हणालात, "डोळे हायत का बोरं?" शिकवलंतबी तुम्हीच. दूध आटताना फेसाकडं बघू नको, काठाकडं बघ. काठ सुटला की गोळा झाला. मी जे काय शिकले ते तुमच्या कढईवर. पण ते बोरं मनात बसलं. मग तुम्ही मला दारात बसवलंत. आपल्या भट्टीची रीत होती, सांजच्याला घरी निघताना कामाच्या बायांनी दारात पदर झटकायचा. चोरून घेतलेला खवा असंल तर पडंल. मी बघायचं. रोज झटकायच्या, रोज काय पडायचं न्हाय, आन मी रोज वाट बघायची की कवा पडतंय.

त्यातलीच ती एक, कढईत उलथणं मारणारी बाई. तिचं अंगावर पिणारं लेकरू गेलं त्याला आठ दिवस झाले होते, नवव्या दिवशी ती कामावर उभी. मी दारातनं बघतीय. ती खव्याच्या गोळ्यावर वाकली, पाठ फिरवली, आन पांढरं, मुठीएवढं कायतरी चोळीत गेलं. सांजच्याला दारात आली तर दोन्ही हातांनी पदर छातीशी धरलेला. म्हणलं, "झटक." म्हणाली, "आज नको, सूनबाई." अंगणात दुधाचे कॅन घेऊन चार गडी उभे. म्हणलं, "का नको?" ती नुसती मान हलवती. मग मी वरडले, "चोळीत खवा हाय! म्या डोळ्यानं बघितलं!" गडी वळले. तुम्ही कढई सोडून आलात, तिला दंडाला धरून गंजीमागं नेलंत, एकटीला. लई वेळ लागला न्हाय. बाहेर आलात, मूठ, "घावला", जाळ. तिला म्हणालात, "उद्यापासून येऊ नको." तिनं माझ्याकडं बघितलंबी न्हाय, ती जाळाकडं बघत होती. एक गडी म्हणाला, "सूनबाईची नजर तेज हाय बरं का."

मग तिला कुठल्याच भट्टीनं घेतलं न्हाय. चोर म्हणून नाव झालं, ते येरमाळ्यापातूर गेलं. नवऱ्याबरोबर ऊसतोडीला गेली आन तिकडंच मेली, कशानं ते कुणी नीट सांगितलं न्हाय. निरोप आला तवा तुम्ही तांदूळ निवडत होता. हात थांबला, मग परत निवडायला लागलात. पण त्या दिवसानंतर तुम्ही मला कवाच बोरं म्हणाला न्हाय. दारातबी बसवलं न्हाय. मला वाटलं, मान वाढला.

पुढं मला पहिली लेक झाली. दूध असं यायचं की चोळी भिजून पुढनं दिसायची, दुधाच्या गड्यांपुढं जायची लाज. तुम्ही मामंजींच्या जुन्या धोतराचा धडपा फाडलात, दोन बोळे केलेत, माझ्या हातात दिलेत. "चोळीत ठेव. ओलं दिसत न्हाय." पांढरे, मुठीएवढे. मी तुमच्याकडं बघितलं न्हाय, तुम्ही माझ्याकडं न्हाय. तुम्ही कढईकडं गेलात.

आता सांगा. गंजीमागं तुमच्या हातात तेच आलं ना? मग "घावला" का म्हणालात? सुनेचं बोलणं चार गड्यांत खोटं पडू नये म्हणून? घराची अब्रू म्हणून? का माझं वरडणं ऐकून हातात ओली चिंधी घेऊनबी तुम्हाला खवाच वाटला? पोरगीच्या दुसऱ्या पुस्तकात तसं होतं म्हणे. पण तुम्ही अंधारात बोट बुडवून दूध म्हशीचं का गाईचं ते सांगायच्या. तुमचं तसं होईल हे मला पटत न्हाय.

हा कागद म्हणजे त्याच यादीची मागची बाजू. कुठं टाकायचा न्हाय, तुमच्याकडं टपाल जात न्हाय. उजव्या डोळ्यात मोतीबिंदू पिकलाय, ओळी वाकड्या जातायत. तरी एक लिहिते, कारण पोरगीला अजून सांगितलेलं न्हाय. मला ते बोळे हातात आल्यावर कळलं असं न्हाय. त्याच सांजेला कळलं होतं. खवा जाळात पडला की करपल्याचा गोड वास अंगणभर सुटतो, भट्टीवरचं शेंबडं पोर बी सांगंल. त्या दिवशी वास आला न्हाय. नुसता चर्र आवाज आला, ओल्या कापडाचा, आन ती बाई अजून फाटकापर्यंतबी पोचली न्हवती. हाक मारली असती तर वळली असती. पण गडी माझ्या नजरेचं कवतिक करत होता, आन ते मला ऐकायचं होतं.

उद्या पोरगीची वही मागून घेऊन "माझे डोळे चांगले होते" ते खोडते, आन तिला माझ्या तोंडानं सांगते. तेवढं माझ्याकडं लागलं. मुठीचं मात्र तुम्हीच सांगायचं. मी वर आले की मामंजींना पुढं घालायचं न्हाय, त्या बाईला बोलायला लावायचं न्हाय. तुम्ही सांगायचं, आन तिच्यासमोर.