गाग्माचा पूल पाडायचा नाही

मी, लामारा जोर्बेनाद्झे, वय वर्षे ब्याऐंशी, राहणार सोलोलाकी, तिबिलिसी, पूर्ण शुद्धीत आणि बऱ्यापैकी रागात हे मृत्युपत्र करीत आहे. माझ्यावर कोणाचाही दबाव नाही. दबाव आणणारे बहुतेक माझ्याआधीच गेले.

१. सोलोलाकीतील दोन खोल्या व सज्जा माझी भाची माका हिला मिळावा. भिंतींचा गडद निळा रंग तिला आवडत नाही. तिने खुशाल बदलावा. रंगाबाबत आयुष्यभर लोकांना माझे ऐकायला लावले, आता पुरे.

२. चित्रपटांसाठी काढलेली माझी सर्व रेखाटने गाग्मा गावच्या शाळेला द्यावीत. दिवंगत दिग्दर्शक रामाज यांची कन्या नातेला हिला एक कपटाही देऊ नये. माघारी कोणी ‘म्हातारी चळली होती’ म्हणू नये, म्हणून कारण लिहून ठेवते.

रामाज यांच्या युद्धपटासाठी राचा प्रांताच्या डोंगरात नदीवर पूल हवा होता. शेवटच्या दृश्यात तो सुरुंगाने उडवायचा होता. तिथल्याच गाग्माचा लाकडी साकव दर वसंतात वाहून जाई. आदल्याच वर्षी एक बाळंतीण नदी ओलांडता न आल्याने दवाखान्याअभावी गेली होती. मी स्टुडिओकडून कागदोपत्री लाकूड-प्लास्टरचा पूल मंजूर करून घेतला आणि गवंडी जुम्बेर यांच्याकडून पक्की दगडी कमान बांधून घेतली. दगड गावाने वाहिले. या लबाडीची मला तेव्हाही लाज वाटली नाही, आताही वाटत नाही.

सुरुंग लावायच्या दिवशी मी पुलाच्या मधोमध जाऊन बसले. मागोमाग गावच्या बायाही आल्या.

“लामारा, ऊठ! उजेड चाललाय!” रामाज काठावरून ओरडले.

“उजेड उद्या परत येईल. पूल नाही येणार.”

“अगं, हा सेट आहे!”

त्यावर गावच्या पेपेला आजी गाय घेऊन पुढे आल्या. “सेट आहे होय? मग माझ्या गाईला तुम्हीच समजावा. ती मघाशीच यावरून जाऊन चरून आली.”

सगळे हसले, अगदी कॅमेरावालेसुद्धा. रामाज यांना तेच सर्वांत झोंबले. पुढे स्टुडिओच्या आवारात मी त्या पुलाची छोटी प्रतिकृती केली आणि ती उडवली. चित्रपटगृहात लोकांनी श्वास रोखले. स्फोटाची वाहवा झाली, श्रेयनामावलीतून माझे नाव गेले. “माफीचा अर्ज लिही, पुढच्या चित्रपटात घेतो,” असा त्यांचा निरोप आला. अर्ज लिहिला नाही. कित्येक वर्षे बाहुलीनाट्यांची जंगले आणि दुकानांच्या काचा रंगवल्या. मग तरुण दिग्दर्शक शोधत आले आणि मी पुन्हा पडद्यावरची शहरे उभारली.

गेल्या महिन्यात नातेला केक घेऊन घरी आली. वडिलांवरच्या प्रदर्शनासाठी तिला माझी पुलाची रेखाटने हवी होती. पाटीवर लिहिणार होती: ‘पूल वाचवण्याचा रामाज यांचा निर्णय’.

“मावशी, खाली बारीक अक्षरात तुझंही नाव येतंय की,” माका म्हणाली.

“बारीक अक्षरं मला चष्म्यातूनही दिसत नाहीत.”

“काकू, बाबा आता राहिले नाहीत,” नातेला म्हणाली. “राग सोडा ना.”

“राग सोडते. कागद सोडणार नाही.”

केक मात्र आम्ही खाल्ला. चांगला होता.

३. बँकेतील शिल्लक माझ्या पश्चात होणाऱ्या जेवणावळीवर खर्च व्हावी. शिलाप्लावीच्या भातात मटण सढळ हाताने घालावे, वाइन काखेतीचीच आणावी. माझ्या ‘नम्र स्वभावा’साठी कोणी पेला उचलू लागला, तर त्याला खाली बसवावे.

४. आक्रोडाचा चित्रफलक आणि ब्रश माका हिला योग्य वाटेल अशा, हात चालणाऱ्या मुलीला द्यावेत. आज्ञाधारक मुलगी नको.

५. मला कुकियाच्या दफनभूमीत आईशेजारी पुरावे. दगडावर फुले कोरू नयेत; आमच्याकडचे कोरीवकाम हल्ली फार ढिसाळ झाले आहे.

साक्षीदार: १) जुम्बेर, गवंडी, गाग्मा. (सही करताना म्हणाले, “लामाराबाई, मीच आधी गेलो तर?” मी म्हटले, “तर दुसरा साक्षीदार बघेन. मला घाई नाही.”)
२) त्सियाला, शेजारीण.

ठिकाण: तिबिलिसी. दिनांक: १४ ऑक्टोबर २०१९.

सही: लामारा जोर्बेनाद्झे

दुरुस्ती: माझ्या सहीखाली नोटरींनी ‘निवृत्त’ असा शब्द टंकला होता. तो मी खोडला आहे. त्या जागी ‘कलादिग्दर्शक’ असे वाचावे. खाडाखोड माझ्या हातची असून मला मान्य आहे.