किल्ला दक्षिणेला आहे, नाना

प्रिय नाना,

काल तासगावला जाऊन आले. सुमनकडे. तुम्ही दिलेलं पाकीट तिच्या हातात दिलं. तुम्हाला जाऊन तीन महिने झाल्यावर दिलं, हे आधीच सांगून टाकते. नाहीतर पुढचं काही लिहिता यायचं नाही.

"सुमनचं उत्तर आलं का गं?" शेवटचं वर्षभर दर आठ-पंधरा दिवसांनी तुम्ही विचारत होतात. मी म्हणायची, "पोस्टाला वेळ लागतो, नाना." पोस्टाला वेळ लागत नव्हता. पाकीट माझ्या कपाटात होतं, डायरीच्या पानांत. सांगलीहून तासगाव एसटीनं तासाभराचं! तुम्हाला संशय कसा आला नाही? की आला होता?

तुम्हाला यातलं बरंचसं ठाऊक आहे. तरी पहिल्यापासून लिहिते, कारण जे ठाऊक नाही ते मधेच कुठेतरी आहे.

चौथीचा वर्ग. शिकवायला तुम्ही. मी तुमची मुलगी, म्हणून दुसऱ्या बाकावर. पहिल्या बाकावर बसवलं तर लोक बोलतील, असं तुम्ही आईला सांगितलं होतं. माझ्या शेजारी सुमन. तुम्ही फळ्यावर साताऱ्याचा नकाशा काढत होतात. वर, उत्तरेला, अजिंक्यतारा. त्याच्या खाली शहर. शहराच्याही खाली बादशहाची छावणी, तंबूंचे छोटे छोटे त्रिकोण. वेढ्याची गोष्ट तुम्ही अशी सांगायचात की सुरुंग उडायच्या आधीच मुलं कानांवर हात ठेवायची.

सुमन उठून उभी राहिली. "गुरुजी, किल्ला तिकडं नाही. माझी मावशी साताऱ्यात राहते. सकाळी तुळशीला पाणी घालताना तिनं सूर्याकडं तोंड केलं की किल्ला उजव्या हाताला येतो."

तुम्ही म्हणालात, "असं होय! म्हणजे आता भूगोल तुळशीपाशी शिकायचा!"

वर्ग हसला. मीही हसले, नाना.

मग तुम्ही तिला ओळी लिहायला सांगितल्यात. 'अजिंक्यतारा किल्ला सातारा शहराच्या उत्तरेस आहे.' पन्नास वेळा. दुसऱ्या दिवशी तिनं वही आणली. तुम्ही खाली लाल शाईनं सही केलीत. त्यानंतर वर्षभर ती काही विचारायला उभी राहिली नाही. हे मला तेव्हा जाणवलं नव्हतं. आता आठवताना जाणवतं.

आणि तुम्ही सातारा पाहिलाच नव्हता! सांगली स्टेशनातून रोज गाड्या तिकडे जात होत्या. पण आधी आजोबांचं दुखणं, मग माझं शिक्षण, मग आईचं मिरजेचं ऑपरेशन. किल्ला उंच, म्हणून तो फळ्यावर वर, इतकाच तुमचा हिशोब असणार. इन्स्पेक्टर आले नि गेले, कुणी चूक काढली नाही. मी तुमची चेष्टा करत नाही. त्या त्रिकोणांवरच मी पुढे इतिहास घेऊन बी. ए. झाले.

आता ते मधलं. कॉलेजच्या दुसऱ्या वर्षी आमची सहल साताऱ्याला गेली होती, आठवतं? सकाळी लॉजच्या गच्चीवर मी केस विंचरत उभी होते. सूर्य समोर होता, आणि उजव्या हाताला, अगदी अंगावर आल्यासारखा, किल्ला! फणी तशीच केसांत राहिली. मला पहिल्यांदा सुमनची मावशी आठवली. न पाहिलेली बाई, पण दिसलीच जणू, हातात तांब्या घेतलेली.

घरी आल्यावर तुम्ही विचारलंत, "कसा आहे किल्ला? उत्तरेला भिंतीसारखा उभा आहे ना?"

मी म्हणाले, "खूप उंच आहे, नाना."

तेव्हाच सांगायला काय झालं होतं? तुम्ही मला मारलं असतंत थोडंच! पण दुसऱ्या दिवशी शाळेत तुम्ही पुन्हा तोच नकाशा काढणार होतात आणि तुमचा हात अडखळेल, असं मला वाटलं. ही माया होती की भीती? मी या प्रश्नावर डायरीची कितीतरी पानं खर्च केली आहेत. उत्तर दर वेळी वेगळं निघतं, म्हणजे एकही खरं नसावं.

पुढे मी लग्न केलं नाही. आई गेल्यावर घरात आपण दोघंच. तुम्ही निवृत्त झाल्यावर तर दर हिवाळ्यात म्हणायचात, "चल की गं एकदा साताऱ्याला. सकाळी जाऊन संध्याकाळी परत." मी म्हणायची, ऑफिसात ऑडिट आहे. थंडी फार आहे. तुमचे गुडघे. गेल्या वर्षी संक्रांत झाली आणि तुम्ही न सांगता तिकिटंच काढून आणलीत. कॅलेंडरच्या मागच्या कोऱ्या बाजूवर दिवसाचा आराखडा: किती वाजता राजवाडा, किती वाजता किल्ला, कुठे डबा खायचा.

"तिथे कुणी माहिती सांगणारा घेऊ या का?" मी विचारलं.

"मला?" तुम्ही चष्म्यावरून बघितलंत. "मला साताऱ्याची माहिती कोण सांगणार?"

गाडीत तुम्ही किती खूश होतात! भिलवडी, किर्लोस्करवाडी, टाकारी, प्रत्येक स्टेशनाची पाटी मोठ्यानं वाचलीत. कराडला चहा घेतल्यावर समोरच्या पटकेवाल्या पाहुण्यांना वेढ्याची गोष्ट सुरू केलीत. सुरुंग रहिमतपूरच्या जवळपास उडाला.

"मास्तर, लय भारी सांगता," ते म्हणाले. "किती बारी बघितला किल्ला?"

"आज पहिल्यांदाच बघणार आहे," तुम्ही म्हणालात, आणि तुम्हाला त्यात काही वावगं वाटलं नाही. मी खिडकीबाहेर बघत राहिले.

माझा बेत सांगते. तुम्हाला किल्ल्यावर जाऊच द्यायचं नाही. स्टेशन गावापासून लांब, जाण्यायेण्यात वेळ जाईलच. संग्रहालयात मी एकेका तलवारीपुढे थांबले; एरवी मी त्या नीट बघतही नाही. राजवाड्यापाशी पाय दुखतायत म्हणून बसले. कंदी पेढे घ्यायला तीन दुकानं फिरवलं तुम्हाला. वाटलं, परतीच्या गाडीची वेळ झाली की सुटले. पण तुम्ही कॅलेंडरचा कागद काढलात. "कुसुम, आपण पाऊण तास मागे आहोत. आता सरळ किल्ला."

रिक्षावाल्याला तुम्ही विचारलंत, "किल्ला इथून उत्तरेला ना हो?"

"उत्तर-बित्तर मला काय ठावं, आजोबा. वर नेऊन सोडतो. बसा."

मी देवाला हात जोडले, नाना. असल्या गोष्टीसाठी!

शेवटचा चढ तुम्ही माझा हात धरून चढलात. दरवाज्यातून आत गेलात, दगडाला हात लावलात, मग तो हात कपाळाला. तटावर आलो. खाली सगळं शहर पसरलेलं. तुम्ही बोट दाखवून म्हणालात, "ही दक्षिण. इथेच बादशहाचे तंबू..." आणि थांबलात. मानेवरून हात फिरवलात.

"कुसुम, माझी पाठ का तापतेय?"

जानेवारीतलं दुपारचं ऊन. ते दक्षिणेकडून येतं, हे तुम्हीच तर शिकवलंत आम्हाला!

तिथून एक बाई जळणाची मोळी घेऊन चालली होती. तुम्ही तिला थांबवलंत. "बाई, इथे सूर्य कुठून उगवतो?"

ती तुमच्याकडे, मग माझ्याकडे बघायला लागली. "तितनं की. माहुलीच्या अंगानं."

तुम्ही तिनं दाखवलं तिकडे तोंड केलंत आणि दोन्ही हात पसरलेत. दुसरीतल्या मुलांना उभं करायचात तसे. उगवतीकडे तोंड, डावा हात उत्तर, उजवा हात दक्षिण. डाव्या हाताच्या बोटांपुढे सगळं शहर होतं.

बाईला हसू आवरेना. "आवं आजोबा, या वयात कवायत करताय व्हय?"

"नाही, बाई," तुम्ही म्हणालात. "चूक तपासतोय."

ती गेली. तुम्ही हात तसेच ठेवून उभे. मी "नाना, खाली बसा" म्हणाले तरी ऐकेनात. काय करायचं होतं मी? हात धरून खाली घ्यायचे होते? मी पेढ्याचा पुडा घेऊन उभी होते.

मग तुम्ही माझ्याकडे न बघता विचारलंत, "तुला माहीत होतं?"

मी म्हणाले, "नाही, नाना."

त्या दिवशीच्या डायरीत मी लिहिलं आहे, 'नाना आनंदात होते. किल्ला नीट पाहिला.' म्हणजे तिथेही खोटं. डायरी कोण वाचणार होतं?

परतीच्या गाडीत कराड गेल्यावर तुम्ही एवढंच म्हणालात, "ती तुळशीवाली मुलगी. सुमन. तिचा पत्ता मिळेल का?"

पत्ता मी चार दिवसांत मिळवला. तासगावला दिली होती, द्राक्षबागायतदाराच्या घरी. तोवर तुम्ही लिहायला बसला होतात. 'अजिंक्यतारा किल्ला सातारा शहराच्या दक्षिणेस आहे.' पन्नास वेळा. हात कापत असल्यामुळे तीन दिवस लागले. खाली लिहिलंत, 'चि. सुमन, तुझी मावशी बरोबर होती. मी चुकलो. उत्तर पाठव.' आणि पाकीट माझ्याकडे दिलंत, कारण घरातलं पोस्ट नेहमी मीच टाकते.

का नाही टाकलं? तिच्या घरचे हसतील, बहात्तर वर्षांचा माणूस ओळी लिहितो म्हणून. हे मी स्वतःला सांगितलेलं कारण. पण तुमची चूक एका पाकिटात मिटत होती आणि माझी मागे उरत होती, हे तर खरं कारण नव्हे? खरंच मला कळत नाही. रोज सकाळी 'आज टाकू' म्हणायचे. असे अकरा महिने गेले. मग तुम्ही अंथरुणाला खिळलात, शेवटी शेवटी तर विचारायचंही थांबवलंत. ते थांबल्यावर मला हलकं वाटलं होतं. हेही लिहून ठेवते.

आता थोडी तुमच्यावर रागावते. तुम्ही स्वतः का गेला नाहीत तासगावला? पत्र पाठवून उत्तराची वाट बघणं म्हणजे पुन्हा वही तपासायला मागणंच नव्हे का? आणि इतकी वर्षं तुम्ही असे का वागलात, की तुमची चूक तुमच्याच मुलीला बोलता येऊ नये?

काल सुमननं मला ओळखलं. बेदाण्याच्या शेडमधून तशीच हात पुसत आली. "अगं बया, कुसे! वाट चुकलीस की काय?"

मी पाकीट दिलं. तिथेच उभ्यानं तिनं वाचलं. पहिल्यांदा खुदकन हसली. "गुरुजींनी? पन्नास?" मग बोट ठेवून एकेक ओळ मोजत गेली. शेवटच्या दहा-बारा ओळी रेघ सोडून खाली उतरल्या आहेत ना, तिथे तिचं बोट थांबलं.

"कसे आहेत गुरुजी?"

मी सांगितलं. तिनं कागदावरची तारीख बघितली. मग माझ्याकडे.

"श्रावणापासून दिवाळीपर्यंत दर सोमवारी सासूबाईंना घेऊन मी मिरजेच्या दवाखान्यात येत होते," ती म्हणाली. "दिवसदिवस बाकड्यावर बसून असायची. तिथनं तुमचं घर किती गं? सिटी बसनं अर्धा तास?"

"अर्धा तासच," मी म्हणाले.

"मला पन्नास नको होत्या गं. हाक मारली असती तरी आले असते."

मग तिनं तेच विचारलं, जे तुम्ही तटावर विचारलं होतंत. "तुला कवा कळलं, किल्ला कुठं आहे ते?"

या वेळी मी खरं सांगितलं. "कॉलेजात असताना."

ती आत जाऊन चहा घेऊन आली. चहात साखर नव्हती. विसरली की मुद्दाम, मी विचारलं नाही. सगळा प्यायले.

निघताना एसटीच्या थांब्यापर्यंत आली. तुमचा कागद तिनं ठेवून घेतला, पदराखाली धरला होता. गाडी दिसल्यावर म्हणाली, "गुरुजींनी लिहिल्या, मी लिहिल्या. आता तू लिही की पन्नास." चेष्टेत म्हणाली की कसं, मला तिच्या तोंडावरून कळलं नाही. गाडी हलली तरी ती तिथेच उभी होती.

तुम्ही तटावर हात पसरून विचारलंत, नाना, त्याचं उत्तर हे आहे: हो, मला माहीत होतं. एकोणीस वर्षांची असल्यापासून.

आज सकाळी वही घेतली. 'मला माहीत होतं आणि मी सांगितलं नाही.' अकरा ओळी झाल्या आहेत. बाराव्या ओळीला हे पत्र सुरू केलं. उरलेल्या एकोणचाळीस पुऱ्या करीन, मोजून, अक्षर न बिघडवता. आणि पोस्टानं पाठवणार नाही. स्वतः नेऊन देईन, तिनं दारातच उभं ठेवलं तरी.

तुमची,
दुसऱ्या बाकावरची
कुसुम