वडिवळ्याच्या फायनलमधली शेवटची चढाई

प्रिय भाऊ,

तुम्ही गेल्यापासून मी तुमच्याशी मनातल्या मनात बोलत आले, आणि ते पुरतही होतं. आज मात्र कागद घेऊन बसले आहे. काल वडिवळ्याच्या यात्रेत, हातात माइक घेऊन, अख्ख्या गावासमोर मी माझ्या वडिलांची, म्हणजे तुमची, एक गोष्ट सांगितली. तुम्हाला न विचारता! आता निदान कळवायला तरी हवं ना?

आणि खरं सांगू? मला कळवायचं कमी आणि विचारायचंच जास्त आहे.

सुरुवात तुमच्या कॉलेजपासून झाली. मागच्या महिन्यात कॉलेजच्या क्रीडाशिक्षिका लोणावळ्याच्या घरी आल्या. माझ्यापेक्षा वयानं लहान, बोलायला चटपटीत. म्हणाल्या, "यंदा वडिवळ्यानं आपल्या कबड्डी संघाला यात्रेच्या सामन्यांचं निमंत्रण दिलंय. इतक्या वर्षांनी! तुमचे वडील तिथे फायनल खेळले होते ना? सामने सुरू व्हायच्या आधी यात्रेतल्या कॉलेजच्या खेळाबद्दल चार शब्द बोला."

मी हो म्हणून मोकळी झाले. त्या गेल्यावर डोक्यात आलं, मला माहीत तरी काय आहे?

हे माहीत होतं की हिवाळ्यात कॉलेजांचे आपसातले सामने संपले, की तुमचा खरा मोसम सुरू व्हायचा. भाताची खाचरं रिकामी झालेली, गावोगावच्या यात्रा लागलेल्या, आणि चांगल्या संघांना निमंत्रणं. सुदुंबऱ्याला तुम्ही ढाल जिंकलीत आणि कांद्याच्या पोत्यांवर बसून ट्रकमधून परत आलात. आल्यावर आजीनं अंगाला कांद्याचा वास येतो म्हणून तुम्हाला बाहेरच आंघोळ घातली. लोहगडवाडीला वाऱ्यानं चुन्याची मधली रेषा उडून जायची आणि दर चढाईनंतर रेषा कुठं होती यावर भांडण! हे सांगताना तुम्ही स्वतःच इतके हसायचात की गोष्ट अर्धीच राहायची.

वडिवळ्याचं विचारलं की मात्र, "फायनलला हरलो," एवढंच. आणि लगेच, "चहा टाक गं." का हो?

वडिवळे तर आपलंच गाव. तिथल्या फायनलची गोष्ट मला तुमच्याऐवजी गावानंच सांगितली होती, लहानपणापासून. एका बाजूला कॉलेज, दुसऱ्या बाजूला गावचा संघ. कॉलेजचे कॅप्टन तुम्ही, आणि गावच्या संघात कोपऱ्यावर तुमचे थोरले भाऊ, आपले तात्या. कॉलेज एका गुणानं मागे, शेवटची चढाई तुमची. तात्यांनी तुमचा घोटा धरला, तुम्ही खाली आलात, ढाल गावात राहिली. गाव सांगायचं, "धाकट्यानं थोरल्यासाठी ढाल सोडली. असा भाऊ मिळायला भाग्य लागतं." तुमच्या दहाव्यालासुद्धा प्रवचनाला आलेल्या बुवांनी हेच सांगितलं. मी पदर तोंडाला लावून रडले होते, भाऊ. वाटलं, केवढ्या मनाचा माणूस!

तर हीच गोष्ट सांगावी असं ठरवलं. आणखी बारकावे मिळावेत म्हणून दिनूकाकांकडे गेले. तुमच्याच संघातले दिनूकाका, लोणावळ्यातच तुंगार्लीला राहतात ते. एकाच शहरात राहून ते आपल्या घरी कधी का आले नाहीत, याचं मला नेहमी नवल वाटायचं. तुमच्या दहाव्यालाही आले नव्हते.

त्यांनी बसायला सांगितलं, पाणी दिलं. वडिवळ्याचं नाव काढल्यावर त्यांचा चेहरा एकदम कोरडा झाला.

"तुला वाईट वाटेल," ते म्हणाले, "पण तुझ्या वडिलांनी आमचा सामना सोडला. आम्ही पोरं वर्षभर खपलो होतो. त्यानं भावाला ढाल देऊन टाकली. ती काय त्याची एकट्याची होती?"

 गोष्ट तीच होती ना? शब्दसुद्धा तेच. गावात ज्याला त्याग म्हणतात, त्यालाच इथं दगा म्हणत होते! आणि दोन्हीकडे एकालाही शंका नाही. तुम्ही सोडलंत हे सगळ्यांना ठाऊक. पण ते सोडणं बघितलं कुणी? तुम्ही तसं कधी म्हणाला होतात का? मी खूप आठवून बघितलं. तुमच्या तोंडून "सोडलं" हा शब्द मला आठवेना.

म्हणून वडिवळ्याला गेले. तात्या खाचरात होते. राबासाठी, म्हणजे भाताच्या रोपाची जमीन भाजायला, पाचोळा पसरत होते, ह्या वयात, भर उन्हात. बांधावर बसवून मी सरळच विचारलं, "तात्या, भाऊंनी तुमच्यासाठी सामना सोडला होता?"

तात्यांनी हातातला पाचोळा खाली टाकला. "तूबी त्येच इचार."

"म्हणजे नव्हता सोडला?"

"सुजे, इतकी वर्सं झाली, मला कुनी इचारलंच न्हाई. समदी मलाच सांगत्यात, तुज्या भावानं तुला ढाल दिली. आगं, म्या धरला हुता त्याला! खराखुरा धरला. ह्यो डावा खांदा निखळला माजा, आजून दुखतो. देनारा मानूस आसा वढतो व्हय?"

"मग तुम्ही कधी बोलला का नाहीत?"

"काय बोलू? धाकला भाऊ हारला म्हनून गावभर सांगत फिरू? आन् सांगितलं आस्तं, तर म्हनले आस्ते, बगा, भावानं दिलं तर दिलं, वर ह्यो फुशारक्या मारतोय."

त्यांनी टाकलेला पाचोळा पुन्हा गोळा केला. मग म्हणाले, "पुढल्या यात्रंला मी उतरलोच न्हाई. दिलेल्या ढालंवर किती दिस मिरवायचं?"

भाऊ, हे तुम्हाला माहीत होतं? तात्यांनी सातवीनंतर शाळा सोडली, शेत धरलं, म्हणून तुम्ही कॉलेजात गेलात. हे तुम्हीच मला शंभरदा सांगितलंत. मग त्यांच्या आयुष्यातली ती एक पकड, जी त्यांनी स्वतःच्या ताकदीवर मिळवली होती, ती लोकांनी तुमच्या नावावर टाकली तेव्हा तुम्ही गप्प का बसलात? की तुम्हालाही ते गोड वाटलं? हरलेला गडी म्हणवून घेण्यापेक्षा मोठ्या मनाचा भाऊ म्हणवून घेणं सोपं होतं का? रागावू नका. विचारतेय फक्त.

पण तात्यांचं तरी खरं कशावरून? घरी येऊन मी आईला विचारलं. ती शेंगा फोडत होती. ऐकून हसायलाच लागली.

"सोडला? हे सामना सोडतील? अगं, मी लग्न होऊन आले तेव्हा हे रोज सकाळी माझ्याकडून घोटा धरून घ्यायचे! मी तव्यावरची भाकरी टाकून खाली बसायची, दोन्ही हातांनी ह्यांचा पाय धरून. म्हणायचे, काही झालं तरी सोडू नको. मग हे ओढायचे, वळायचे, उडी मारायचे. एकदा मी त्या ओढीत मांडणीवर जाऊन आपटले, सगळी पातेली खाली! तर म्हणतात कसे, दादानं असाच धरला होता, कुठं चुकलं तेच कळत नाही."

"आई! मग हे तू कधी कुणाला सांगितलं का नाहीस?"

"मला कुणी विचारलं? मला वाटायचं सगळ्यांना माहीतच असेल."

मी पण हसले, भाऊ. खूप हसले. आणि मग झोप येईना. कारण आता मला दोन गोष्टी कळल्या होत्या. तुम्ही कॉलेजला दगा दिला नव्हता. आणि तुम्ही कुठलाही त्याग केला नव्हता. तुम्ही नुसतेच हरला होतात. पण हे गावासमोर कसं सांगायचं? गावात तुमच्या नावाला जो मान आहे तो त्या गोष्टीवर उभा आहे. लेकीनंच तो उतरवून ठेवायचा? आईला म्हटलं तर ती म्हणाली, "हरले तर हरले. त्यात काय? पण तात्यांचं तात्यांना दे."

कालचे सामने चार वाजता सुरू व्हायचे होते. मैदान ओळखू आलं नसतं तुम्हाला. खाचरात निळी-पिवळी मॅट अंथरलेली, चारी बाजूंना पत्र्याच्या खुर्च्या. कॉलेजची पोरं एका रांगेत कवायत करत होती. दिनूकाकांना मी फोन करून नुसतं "या" म्हटलं होतं. ते खरंच आले आणि शेवटच्या रांगेत टोपी घालून बसले. तात्या पुढे, पंचांच्या शेजारी.

सरपंचांनी माझी ओळख करून दिली. "त्यागाची मूर्ती असलेल्या आपल्या गावच्या सुपुत्राची कन्या," असं काहीतरी. टाळ्या झाल्या. मी माइक हातात घेतला.

आधी सुदुंबऱ्याची ढाल सांगितली, लोहगडवाडीची उडालेली रेषा सांगितली. लोक हसले. मग म्हटलं, "वडिवळ्यात आमचं कॉलेज फायनल हरलं. माझे वडील शेवटच्या चढाईला गेले ते जिंकायला गेले होते. जीव तोडून त्यांनी ओढलं. आणि तात्यांनी त्यांना धरलं. कुणी कुणाला काही दिलं नाही. ती पकड तात्यांची होती."

 मला वाटलं, संपलं, आता गाव मला दारात उभं करणार नाही. तात्यांनी मान खाली घातली होती. मागून कुणीतरी म्हणालं, "मग आमी ऐकलं ते?"  

तेवढ्यात कॉलेजचा कॅप्टन, उंच, काटकुळा पोरगा, मॅटवरून थेट तात्यांसमोर येऊन उभा राहिला. "आबा, घोटा कसा धरला होता? दाखवा ना."

"आता काय दावू बाबा? गुडघं गेलं माजं."

"नुसता हात दाखवा."

तात्यांनी माझ्याकडे बघितलं. मग वहाणा काढल्या, धोतर खोचलं आणि सावकाश मॅटवर एक गुडघा टेकला. पोरानं पाय पुढे केला. तात्यांचे दोन्ही तळवे असे बसले भाऊ, एक टाचेमागे, एक वरून, जशी कडी लागावी! "आता वढ," ते म्हणाले. पोरगा आधी लाजत ओढत होता. मग नीट ओढायला लागला. मग गंमत विसरून जोरात. निघेना! शिट्ट्या सुरू झाल्या. बायका उभ्या राहून बघायला लागल्या. तात्यांचा चेहरा लाल झालेला, दात आवळलेले, आणि ते हसत होते. त्यांना असं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं. तुम्ही पाहिलं होतंत?

शेवटी पंचांनीच शिट्टी वाजवून पाय सोडवला. तात्यांना उठवायला दोघं धावले, त्यात एक दिनूकाका होते. शेवटच्या रांगेतून कधी पुढे आले कळलंच नाही. त्यांनी तात्यांचा हात धरला तो सोडलाच नाही. म्हणाले, "त्या दिवशी परत येताना तुमच्या धाकट्याचा घोटा सुजला होता. आम्ही म्हणालो, नाटक करतोय. नंतर त्याच्याशी बोलणंच टाकलं."

तात्या अजून धापा टाकत होते. म्हणाले, "त्यो तुमच्याच बाजूनं खेळला, साह्यब. शेवटपातूर. मला ठावं न्हाई तर कुनाला? माज्या हातात हुता त्यो."

दिनूकाकांनी टोपी काढून हातात घेतली.

कॉलेज काल उपांत्य सामन्यातच हरलं. सुदुंबऱ्याच्या पोरांनी चांगलं चोपलं. म्हणजे वडिवळ्याची ढाल तुमच्या कॉलेजला अजून मिळालेली नाही, आणि माझ्या भाषणानंही काही फरक पडला नाही! जाताना क्रीडाशिक्षिका बाई तात्यांना विचारत होत्या, कॉलेजला येऊन पोरांना पकड शिकवाल का. तात्या म्हणाले, "राब भाजून झाल्याव बगू." पण मला वाटतं ते येतील.

एका प्रश्नाचं उत्तर मात्र तात्यांकडे नाही, आईकडे नाही, दिनूकाकांकडेही नाही. तुम्ही गप्प का राहिलात? तात्यांना वाचवायला, की स्वतःला? की तुम्हालाही, त्यांच्यासारखंच, कुणी विचारलं नाही म्हणून? मीसुद्धा चहा टाकायला उठून जायचे. एकदा तरी खाली बसून म्हणायला हवं होतं, थांबा, चहा राहू दे, नीट सांगा.

आता एवढं वचन देते. गावात पुन्हा कुणी त्यागाची गोष्ट सुरू केली, तर मी मध्येच थांबवीन, मग ते तुमचं कितीही कौतुक असो. यात्रेच्या सामन्यांना तात्यांना मी स्वतः घेऊन जाईन आणि पुढच्या खुर्चीत बसवीन. आणि ती शेवटची चढाई कशी झाली हे कुणी विचारलं, तर मी बोलणार नाही. ते सांगतील.

तुमची,
सुजाता