तिसऱ्या हाकेला ओ

आबा, तू फार फाजील होतास. तेव्हा तुझ्या तोंडावर म्हणायची हिंमत नव्हती, आता तुझ्या दुप्पट वयाची झाले म्हणून म्हणते. नेरळच्या गवताच्या वखारीत दिवसभर गठ्ठे बांधायचास, मुंबईच्या घोड्यांसाठी ते मालगाडीच्या वाघिणीत चढवायचास, आणि दमून घरी येण्याऐवजी नवी खोडी घेऊन यायचास. शिमग्याच्या दिवशी दुपारी मी झोपून उठले तर म्हणालास, "चिमणे, दोन दिस झोपलीस की गं! परवाच झाला शिमगा, तुझी पोळी आमी खाल्ली." मी भोकाड पसरलं. आई चुलीपुढून ओरडली, "अवो, कशाला रडवताय पोरीला?" मग फडक्याखालची पोळी निघाली. कधी दारात मला अडवून विचारायचास, "कुनाची गं तू?" मी तुझं नाव सांगितलं की मान हलवून म्हणायचास, "ह्या नावाचा मानूस हितं ऱ्हात नाय." इतक्या गंभीरपणे, की मी मागं फिरून अंगण बघून यायचे. तू हसेपर्यंत मला खरंच वाटायचं की घर चुकलं.

पण तुझा लाडका खेळ हाकेचा. "भूत दोनदाच हाक मारतं गं. तिसरी हाक मानसाची. तवाच ओ द्यायची." एवढं शिकवून तू घरामागच्या गवताच्या गंजीआड लपायचास आणि कधी मावशीच्या, कधी आईच्या आवाजात साद घालायचास. दुसऱ्या हाकेला मी फसले की धावत येऊन गुदगुल्या, "गेलीस! खाल्लं तुला!" तिसरीपर्यंत दम धरला तर कनवटीला बांधलेले गूळ-फुटाणे माझे. मी फुटाण्यांसाठी जीभ दाताखाली धरायला शिकले. आई म्हणायची, असल्या गोष्टींची थट्टा नको. तू कधी ऐकलंस तिचं?

चैत्रातली दुपार. आई लाकडांना गेलेली, मी घरात एकटी तांदूळ निवडतेय. बाहेर चिटपाखरू नाही. गंजीआडून हाक येते, "चिमणे!" आज आवाज बदललेला नाही, तुझाच आहे, फक्त कोरडा, घशात गवत अडकल्यासारखा. मी मनात म्हणते, आज लवकर आला वाटतं. सूप खाली ठेवून मी भाताच्या कणगीमागे जाऊन बसते. दुसरी हाक अंगणातून येते. आपलं कुत्रं अंगणातच होतं, तुला बघून शेपूट हलवायचं ते, त्या दिवशी भुंकलंही नाही. उठून मागल्या परसात निघून गेलं.

उन्हं कलल्यावर वखारीतली माणसं आली, मागून आई, तिला दोन बाया धरून आणत होत्या. सकाळीच गठ्ठ्यांची थप्पी तुझ्यावर कोसळली होती. बाहेर काढलं तेव्हा धुगधुगी होती, दुपारी ती गेली. शेवटपर्यंत माझं नाव घेत होतास, असं एकजण म्हणाला. मी बोलून गेले, "पन आबा तर दुपारी आला हुता, हाका मारल्या." आईनं माझे खांदे गच्च धरले. "किती हाका?" मी म्हटलं, दोन. "ओ दिलीस?" नाय म्हटलं. तिनं मला उराशी धरलं, मीठ-मोहऱ्या उतरवल्या. गावात माझं कौतुक झालं, पोर शहाणी, बापानं शिकवलेलं कामी आलं, नाहीतर घेऊन गेला असता. आई मरेपर्यंत तेच सांगत राहिली. मला तुझा राग येतो आबा, असला खेळ कोण शिकवतं लेकराला? आणि तुझी आठवण आली की अजून रडू फुटतं.

हे पत्र पोस्टात टाकायचं कुठं? सकाळी चुलीत घालीन. पण त्याआधी एक सांगते, कुणालाच सांगितलेलं नाही. हाका तीन होत्या. तिसरी अगदी दाराशी आली, हळू, विनवणी केल्यासारखी. उंबऱ्यावरचं ऊन झाकलं गेलं आणि बराच वेळ झाकलेलंच राहिलं. तिसरी हाक माणसाची, हे मला माहीत होतं. ओ द्यायची होती. पण मला वाटलं, रोज हा फसवतो, आज आपण याला फसवू. मी कणगीमागे परकराचा बोळा तोंडात कोंबून हसत होते, आबा.