माश्यांच्या गेममधलं पहिलं नाव

लिहून ठेवणार : नूर मोहम्मद वल्द दाऊद, वय वर्षे त्रेसष्ट, धंदा रेडिओ-टीव्ही दुरुस्ती (आता बंद), राहणार मूल, जिल्हा चंद्रपूर.

हे मृत्युपत्र, आमच्यात म्हणतात ती वसीयत, मी स्वतःच्या हाताने लिहितो आहे. डोकं ठिकाणावर आहे. हात कापतो, त्यामुळे अक्षर वाकडं आलं तर त्याचा संबंध अकलेशी जोडू नये. कोणी दम दिलेला नाही की गोड बोलून फसवलेलं नाही. घरात मी एकटाच असतो, फसवायला तरी कोण येणार? शाळा मराठी झाली म्हणून मराठीत लिहितो. बायको नूरी २००२ साली गेली. मागे मुलगा आकिब आणि मुलगी शिरीन, हे दोनच वारस.

याआधी मी मृत्युपत्र केलेलं नाही, तेव्हा रद्द करण्यासारखा कागद नाही. रद्द करण्यासारखं एक वाक्य आहे. ते कलम पाचमध्ये येईल. वाचणाऱ्याने तिथपर्यंत धीर धरावा, मलाही तिथे पोचायला वेळ लागणार आहे.

कलम १. राहतं घर आणि पोस्टातली शिल्लक. माझं कफन-दफन झाल्यावर जे उरेल ते शरीयतप्रमाणे वाटावं : आकिबचे दोन हिस्से, शिरीनचा एक. यात माझी मर्जी चालत नाही. एवढीच विनंती, की स्वयंपाकघराची उत्तरेकडची खिडकी कोणी बुजवू नये. ती नूरीने माझ्याशी महिनाभर अबोला धरून पाडून घेतली होती, आणि तिचंच बरोबर होतं.

कलम २. हत्यारं. सोल्डरिंग आयर्न, पक्कड, पेचकसांचा डबा आणि पिक्चर ट्यूब तपासायचं यंत्र चिमूरच्या लच्छूला द्यावं. आम्ही एकाच उस्तादाकडे काम शिकलो. मल्टिमीटर मी त्याला देत नाही, कारण तो त्याने १९९१ सालीच नेला आहे. "उद्या आणून देतो नूरभाई," म्हणाला होता. तो उद्या मी माफ करतो.

कलम ३. लाकडी पेटी. माझ्या दुकानातल्या व्हिडिओ गेमच्या मशीनची रिकामी पेटी मुखरूभाऊ मोहुर्ले यांच्याकडे आहे. ते तिच्यात धानाचं बियाणं ठेवतात. ती त्यांचीच राहू द्यावी. उंदीर शिरत नाहीत म्हणतात, म्हणजे मी तळाला ठोकलेला पत्रा अजून शाबूत आहे.

कलम ४. आता मशीनबद्दल लिहिणं भाग आहे, नाहीतर पुढचं कळणार नाही. १९९४ साली मी नागपूरहून ते जुनं मशीन आणून बसस्टँडमागच्या दुकानात लावलं. वरून माश्यांसारख्या टोळ्या उतरत, खालून आपण विमानाने त्या पाडायच्या. खरं नाव इंग्रजीत होतं, पण साऱ्या मूलमध्ये तो 'माश्यांचा गेम' झाला. जास्त गुण करणाऱ्याला शेवटी आपल्या नावाची तीन इंग्रजी अक्षरं टाकता येत. अडचण अशी, की लाईन गेली की मशीन सगळी नावं विसरायचं. आणि आमच्याकडे लाईन जायची ती कोणाला विचारून जात नव्हती. म्हणून मी आतल्या बोर्डाला ट्रकची बॅटरी जोडली. स्क्रीन काळी पडे, पण नावं आत जिवंत राहत. नागपूरच्या मेकॅनिकलाही ते सुचलं नव्हतं. नागभीडची पोरं आपलं नाव अजून आहे का हे बघायला मुद्दाम येत. मला फार अभिमान होता. त्याच अभिमानाची वायर मी पुढे स्वतः उपटली.

कलम ५. कबुली.

शिरीन दुपारी माझा डबा घेऊन दुकानात येत असे. मी शटर अर्धं ओढून जेवायला बसे आणि ती मशीनपुढे उभी राही. नाण्याच्या दाराआड एक पत्ती असते. ती बोटाने दाबली की मशीनला वाटतं नाणं पडलं. ती पत्ती मी तिच्यासाठी दाबायचो. घरात आमची हिंदी (ती इथे मराठीतच लिहिली आहे), पण दुकानात ती माझ्याशी गिऱ्हाइकासारखी मराठीत बोले. "अब्बा, दाबा ना अजून एकडाव. आता मले कळलं ते कुठून येतेत तं." भाकरीचा तुकडा हातात धरून मी बघत राहायचो. माझं जेवण थंड व्हायचं.

फेब्रुवारी १९९७ मध्ये, वयाच्या तेराव्या वर्षी, तिने दोन लाख ऐंशी हजार तीनशे चाळीस गुण केले आणि पहिल्या जागी एस, आर, एन ही अक्षरं टाकली. नऊ महिने कोणी त्याच्या जवळपासही पोचलं नाही. गिऱ्हाइकं डोकं खाजवत. हा कोणी एस. आर. नन्नावरे असावा, कॉलेजचा असावा, असं ठरलं. आम्ही दोघं घरी त्यावर हसत होतो.

नोव्हेंबरात राईस मिलचे मुनीम हरिदासभाऊ गुरनुले यांनी अर्ध्या शटरखालून तिला खेळताना पाहिलं. संध्याकाळी दुकान भरलेलं असताना त्यांनी विचारलं, "नूरभाई, ते एसआरएन म्हंजे तुमची पोट्टी होय ना?"

सगळे वळून माझ्याकडे बघू लागले. मला भीती वाटली. उद्या चौकात काय बोलतील, मुलीला स्थळ येईल का, नूरीच्या भावांना काय सांगू, असं सगळं एकदम डोक्यात आलं. मी म्हणालो, "नाई हो. मशीनमधी बिघाड हाय. ते आपल्या मनानंच काहीबाही लिहिते." आणि बोलणं खरं दिसावं म्हणून मागे हात घालून बॅटरीची वायर उपटली, बटण बंद केलं, पुन्हा चालू केलं. कारखान्याने आधीच भरून दिलेली नावं आली. तिचं गेलं.

शिरीन दारात उभी होती. दुपारचा रिकामा डबा न्यायला आली होती. मला ते माहीत नव्हतं.

"अब्बा," एवढंच म्हणाली, "मशीन लिहिते का आपल्या मनानं?" मी गिऱ्हाइकाला सुटे पैसे मोजून दिले. डबा उचलून ती गेली आणि त्यानंतर दुकानाची पायरी चढली नाही. भांडली असती तर मी समजूत काढली असती. ती भांडली नाही. २००४ साली लग्न होऊन नागभीडला गेली. ईदला येते, औषधं विचारते, सगळं रीतसर करते. माझ्याजवळ बसत नाही.

पुढे कितीतरी वर्षांनी हरिदासभाऊ म्हणाले, "मी तं तिले शाबासकी द्याले आलतो, नूरभाई." ते ऐकून मी दोन दिवस जेवलो नाही.

म्हणून हे कलम लेखी, साक्षीदारांसमोर : मशीनमध्ये कोणताही बिघाड नव्हता. एस, आर, एन म्हणजे शिरीन. गुण तिचे होते. मी दुकानात बोललेलं ते वाक्य खोटं होतं आणि मी ते रद्द करतो आहे.

कलम ६. कॉम्प्युटर. गेमचा धंदा बसला, मशीनचे आतले भाग विकले गेले. २००५ साली माझी स्कूटर विकून आकिबच्या सल्ल्याने नागपूरहून कॉम्प्युटर आणला. त्याने एका सीडीतून तोच माश्यांचा गेम त्यात घातला. मी म्हटलं, मशीनशिवाय कसा चालेल? तो म्हणाला, "हे एम्युलेटर हाय अब्बा. जुन्या मशीनच्या चिपमधलं जसंच्या तसं काढून यात टाकलं. कॉम्प्युटरले वाटते, आपणच ते मशीन हाव." मेकॅनिक माणूस, माझा विश्वास बसेना. पण तोच आवाज, त्याच टोळ्या. मी आधी काय केलं असेल, तर मूर्खासारखं नावांचं पान उघडलं. तिचं नाव शोधलं. कारखान्याची नावं होती.

यात नाणं लागत नाही. पाच आकड्याची कळ दाबली की नाणं पडतं. आणि आकिबने अशी सोय केली आहे, की लाईन गेली तरी नावं पुसत नाहीत. ट्रकची बॅटरी नाही, काही नाही.

गेली तीन वर्षं पहाटे फज्रची नमाज झाल्यावर मी तो खेळतो आहे. शेजाऱ्यांना वाटतं, म्हातारा चळला. माझा हेतू एवढाच होता, की तिचे गुण गाठावे आणि तिची तीन अक्षरं परत पहिल्या जागी टाकावी. एक लाख बारा हजारांच्या पुढे मला जाता आलं नाही. बोटं ऐकत नाहीत. आकिब म्हणाला, "काऊन जीव काढता अब्बा? फाईलमधी आकडा लिहून देतो, दोन मिंटाचं काम हाय." मी नको म्हटलं. त्या मशीनबद्दल एकदा खोटं बोललो, आता त्याच्या आत खोटं लिहू?

हा कॉम्प्युटर शिरीनला मिळावा ही माझी इच्छा आहे. आमच्या कायद्यात वारसाला वसीयतीने जास्तीचं देता येत नाही. माझ्यामागे दुसऱ्या वारसाने राजी व्हावं लागतं. म्हणून आकिब, तुला ही विनंती आहे, हुकूम नाही. तू राजी हो. आणि शिरीन, तू घेतलाच पाहिजेस असंही नाही. गेल्या ईदला मी तो चालू करून दाखवला तेव्हा "आता हाताले सवय नाई," म्हणून तू आत गेलीस. मी समजलो. तरी ठेवून घे. पाचची कळ कुठे आहे ते तुला माहीत असावं. ती दाबायला आता माझी गरज नाही.

दुरुस्ती. रविवारी दोन्ही मुलांना बोलावून हरिदासभाऊंनी वरील मजकूर मोठ्याने वाचला. कलम पाचला ते दोनदा अडखळले, पण वाचलं. आकिब मान खाली घालून म्हणाला, "मी राजीच हाव अब्बा, आजबी अन् मंगबी." शिरीन दाराशी उभी होती, बसली नाही. त्याआधी कलम पाचमधला आकडा आला तसं तिने हरिदासभाऊंना थांबवलं होतं.

"तीनशे चाळीस नाई, काका. सहाशे चाळीस. शेवटच्या माश्या मी जाता जाता पाडल्या होत्या."

मी 'तीनशे' खोडून 'सहाशे' लिहिलं. खाडाखोडीशेजारी लिहिणाऱ्याची छोटी सही लागते, ती केली. मग पेन तिच्यापुढे धरला. कायद्याने तिची सही लागत नाही. तिने पेन घेतला. कॉम्प्युटर घेणार की नाही, यावर ती बोलली नाही. गाडीची वेळ झाली म्हणून निघाली. आकिब तिला स्टेशनवर सोडून आला.

सदर मृत्युपत्र मी स्वतः वाचून, मोठ्याने वाचून घेऊन, समजून त्यावर सही केली.

सही : नूर मोहम्मद वल्द दाऊद

साक्षीदार १ : हरिदास गुरनुले, निवृत्त मुनीम, मूल
साक्षीदार २ : मुखरू मोहुर्ले, शेती, मूल (अंगठा)

ठिकाण : मूल. तारीख : ३ फेब्रुवारी २००८.

कलम ५ मधील दुरुस्तीशेजारी, मशीनवर उमटत तशा चौकोनी इंग्रजी अक्षरांत : एस, आर, एन. ही माझी मुलगी.