काउंटरच्या अलीकडून

बंगलोर, ६ मार्च १९६२

ती. गुरुराज अण्णास, सत्यवतीचा शि. सा. नमस्कार वि. वि.

१. टांगानिकाहून आलेली तुझी रिळे शिवाजीनगरच्या आमच्या लॅबमध्ये धुऊन झाली.
२. मी ती जोडली. उजेड, फोकस उत्तम.
३. पडद्यावर पाहिली आणि काम थांबवले.

कारण असे. तू दारेसलामला आपल्याकडच्या गुजराती शेठजींच्या दुकानावर उतरलास आणि कॅमेराही तिथेच राहिला. आफ्रिकन माणसे दिसतात ती काउंटरच्या पलीकडे: मीठ मागणारी, पोती उचलणारी. माहितीपटाचे नाव मात्र 'नव्या देशाचे घर'. डिसेंबरात देश स्वतंत्र झाला, आणि आपल्या चित्रात त्यांच्या एकाही घराचे दार उघडत नाही. इंग्रजाने वेगळे काय दाखवले असते? तुझा ध्वनिसहायक हमीसी याच्या घरचे बोलावणे होते, त्याचे काय झाले?

आई विचारते, तिथे स्वल्प ताक तरी मिळते का.

तुझी सत्यवती

दारेसलाम, १७ मार्च १९६२

चि. सत्यवतीस अनेक आशीर्वाद.

घरात बहीण आहे की सेन्सॉर, असा प्रश्न पडला. ताक मिळते, म्हणूनच तर शेठजींकडे राहिलो. निघताना आईला शब्द दिला होता, मांसमासळी शिजणाऱ्या परक्या घरी जेवणार नाही. हमीसीच्या आईने दोनदा बोलावले, एकदा तर ईदला. कॅमेरा घेऊन जायचे आणि पानाला हात लावायचा नाही, हे कसे जमावे? दोन्ही वेळा पोट बिघडल्याचे सांगितले. परवा हमीसी म्हणाला, इंग्रज साहेबांचे पोटही आमच्या दाराशीच बिघडायचे. मी हसलो. तो हसला नाही.

जूनमध्ये चित्रपट दिला नाही तर तो मागवणारी संस्था पुढचे काम देणार नाही. माझे जहाज एप्रिलअखेर आहे. आहे त्यावर निवेदन चढव, सरी? ठीक ना?

तुझा अण्णा

बंगलोर, २८ मार्च १९६२

ती. अण्णास सा. नमस्कार.

तुझे पत्र आईला वाचून दाखवले. पोटाचे खोटेही वगळले नाही. ती म्हणाली, ज्या बाईने दुसऱ्यांदा बोलावले तिला नाही म्हणायला मी केव्हा शिकवले? दिलेल्या शब्दातून तिने तुला मोकळे केले आहे. मांसमासळी खात नाही हे आधीच सरळ सांग, भात-भाजी पोटभर जेव, आणि वाढणाऱ्या बाईआधी उठू नको, असा निरोप आहे. त्या माउलीचे नाव काय, हेही तिने विचारले. तुझ्या एकाही पत्रात ते नव्हते.

निवेदन मी चढवणार नाही. दुकानाची दृश्ये ठेवते. आपण उभे होतो ती जागा तीच होती. कोरी रिळे काल विमानाने पाठवली. पहिल्या दिवशी कॅमेरा नेऊ नको. नंतर परवानगी माग. त्या नको म्हणाल्या तर रिळे कोरीच आण. चित्रपट लहान होईल, आणि का ते संस्थेला मी लिहीन.

रागावलास तरी माया कमी करू नकोस. हमीसीकडे जातोस की नाही, ते १२ एप्रिलपर्यंत कळव.

तुझी सत्यवती